ते डबे रद्दीत जाणार नाहीत

परवा माळा आवरताना बायको म्हणाली, "हे डीव्हीडीचे डबे रद्दीवाल्याला देऊन टाकू का? आता सगळं मोबाईलवर दिसतं की." 'द सिम्पसन्स' या अमेरिकन कार्टून मालिकेचा तिसरा आणि चौथा सीझन. मेहुण्याने अमेरिकेहून बॅगेत कपड्यांच्या घडीत घालून आणलेले. मी नाही म्हणालो, जरा जोरातच.

सगळं दिसतं? तिसऱ्या सीझनचा पहिलाच भाग घ्या, १९९१चा. वेड्यांच्या इस्पितळात होमरला, म्हणजे मालिकेतल्या बापाला, एक धिप्पाड गोरा माणूस भेटतो, जो स्वतःला मायकल जॅक्सन समजतो. आवाज खुद्द जॅक्सनचा (गाणी मात्र दुसऱ्याने म्हटलीत!). २०१९मध्ये जॅक्सनवरच्या आरोपांचा माहितीपट आला आणि निर्मात्यांनी हा भाग काढून घेतला. त्यांचं कारण मला पटतंही. पण माझ्या डब्यातून तो कुणी काढू शकत नाही, एवढंच.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये डिस्ने प्लस सुरू झालं, तेव्हा जुने चौकोनी भाग रुंद पडद्यात बसवायला वरून-खालून कापले होते. चौथ्या सीझनमध्ये डफ बिअरच्या कारखान्यात तीन टाक्या दिसतात: डफ, डफ लाइट, डफ ड्राय. तिन्हींत बिअर येते एकाच नळीतून. अख्खा विनोद त्या नळीत, आणि नळी वरच्या बाजूला. कापली की संपलं! लोकांनी बोंब मारली, मग मे २०२०मध्ये मूळ चौकट परत मिळाली.

शिवाय डिस्कवरची कॉमेंट्री. लेखक-दिग्दर्शक एकत्र बसून आपलाच भाग बघतात, मध्येच आपल्याच विनोदाला हसतात, कधी चुका काढतात. लिहिणं कसं असतं ते मला थोडंफार तिथेच कळलं. विसावा सीझन वर्धापनाच्या घाईत २०१०मध्ये क्रम मोडून काढला आणि त्यात कॉमेंट्रीच नाही! २०१५मध्ये तर डिस्कच बंद म्हणून जाहीर केलं. तरी पुढे अठरावा २०१७ला आला, एकोणिसावा २०१९ला.

त्रास नाही असं नाही. डीव्हीडीसाठी जगाचे विभाग पाडलेत, त्यांना रीजन म्हणतात; अमेरिकन डिस्क रीजन १च्या, आपला प्लेअर रीजन ५चा. डिस्क घातली की थुंकून बाहेर काढायचा. लॅपटॉपच्या ड्राइव्हला रीजन पाचच वेळा बदलता येतो. इथल्या-तिथल्या डिस्क आलटून पालटून लावण्यात माझे चार संपले. पाचवा काल रात्री वापरला, रीजन १. बायकोला अजून सांगितलेलं नाही.