3 वर्षे उलटली म्हणजे दावा बुडाला असं नाही

"खरेदीखत होऊन 3 वर्षे झाली की फसवणुकीचा दावा लागत नाही," हा व्हॉट्सॲपवर फिरणारा मजकूर अर्धवट आहे. मुदत कायदा, 1963 च्या कलम 17 प्रमाणे फसवणूक कळली, किंवा नीट चौकशी केली असती तर कळली असती, तेव्हापासून मुदत मोजतात. म्हणून सातबाऱ्यावर परकं नाव दिसलं की लगेच फेरफाराची नक्कल काढा. नकलेवरची तारीख पुढे कामाला येते. मात्र फसवणुकीची कल्पना नसताना मोबदला देऊन जमीन घेतलेल्याला कायदा संरक्षण देतो.

नुसतं 'फसवलं' लिहून भागत नाही. कोणी, कधी, कसं, हे दाव्यातच हवं. काही राहिलं तर दुरुस्ती अर्ज करता येतो, पण सुनावणी सुरू झाल्यावर, योग्य ती खटपट करूनही हे आधी मांडता आलं नसतं, असं न्यायालयाला पटवावं लागतं.