चोवीस आरे आणि गच्चीची किल्ली

तलावपाळीच्या कट्ट्यावर काल संध्याकाळी पुन्हा झेंड्याचाच विषय. सोसायटीच्या ग्रुपवरचा मंदारचा मेसेज सगळ्यांनी वाचलेला होता. विलासने चहा ओठाला लावायच्या आधीच तोंड उघडलं, "गच्चीवर चोवीस तास झेंडा म्हणे! अरे, जिन्यातला दिवा तरी लागतो का तुझ्याच्यानं चोवीस तास?"

"परवानगी आहे," मंदार म्हणाला. सेक्रेटरी झाल्यापासून त्याचं प्रत्येक वाक्य परवानगीनेच सुरू होतं. "डिसेंबर २०२१ मध्ये पॉलिएस्टरला मान्यता मिळाली, जुलै २०२२ मध्ये दिवसरात्र लावायला. मी ध्वजसंहिता वाचलीय."

"अर्धी वाचलीयस," शैलाताई म्हणाल्या. "फाटका, विस्कटलेला झेंडा लावायचा नाही, हेही त्याच संहितेत आहे. श्रावणातल्या ठाण्यात तो गच्चीवर किती दिवस धड राहील, ते अस्लमभाईंना विचार."

अस्लमभाई शिलाईचं बोलायला लागले की कट्टा गप्प होतो. "दांडीकडची बाजू टिकते, तिला जाड कापडाची पट्टी असते. मार बसतो मोकळ्या कडेला. वाऱ्यात ती चाबकासारखी आपटते. आधी कोपऱ्यातली टीप उसवते, मग कड सुटते, मग दोरे लोंबतात. पावसात भिजला की कापड जड होतं, झटका आणखी मोठा बसतो."

"मग तेवढी कड कापायची आणि परत टीप मारायची," मंदार म्हणाला.

"पँट आहे का ती, आखूड करायला? तिनास दोनचं माप आहे. नऊशे बाय सहाशे मिलिमीटरच्या झेंड्याची पाच सेंटिमीटर कड कापलीस, की लांबी साडेआठशे झाली आणि उंची सहाशेच राहिली. चक्र मधोमध होतं, ते अडीच सेंटिमीटर बाजूला सरकलं. मग तो झेंडा राहत नाही बाबा, तीन रंगांचं कापड राहतं."

मला या एका उत्तरातच निकाल लागल्यासारखा वाटला होता. पण मंदारने पिशवीतून स्टेशनजवळच्या बाजारातून आणलेला नमुना काढला आणि कट्ट्यावर पसरायला घेतला. "टेकवू नकोस खाली!" शैलाताई एवढ्या जोरात ओरडल्या की शेजारचा कणीसवालाही वळून बघायला लागला. मग विलासने आणि मी चार कोपरे धरले आणि अस्लमभाईंनी खिशातून टेप काढली.

लांबी नऊशे, बरोबर. उंची पाचशे चाळीस. चक्र आडवं एकशे पंच्याऐंशी, उभं एकशे साठ.

"अंड्यासारखं झालंय," अस्लमभाई म्हणाले. "मापं नऊ ठरलेली आहेत. सगळ्यांत मोठं ६३०० बाय ४२०० मिलिमीटर, सगळ्यांत लहान १५० बाय १००. ९०० बाय ६०० ला चक्र १८५ चं. पांढरा पट्टा २०० चा, म्हणजे चक्राच्या वर साडेसात आणि खाली साडेसात मिलिमीटर पांढरं दिसायला हवं. इथे कापड वाचवायला उंची कमी केली आणि चक्र दाबून बसवलं."

"आरे तरी चोवीस आहेत ना?"

"चोवीस मोजत बसायचं नाही, नजर चुकते. वरचा सरळ उभा आरा धर, बाजूचा सरळ आडवा धर. त्या दोघांच्या मधल्या पाव भागात पाच आरे हवेत."

विलासने बोट ठेवून मोजले. चार. चारही पाव भागांत चार-चारच.

"म्हणजे वीस झाले. उरलेले चार कमिशनमध्ये गेले का रे मंदार?" विलास म्हणाला आणि त्याच्या हातातला कोपरा सुटता सुटता वाचला.

उलटून पाहिलं तर मागच्या बाजूला चक्र छापलेलंच नव्हतं, पुढची शाई नुसती झिरपलेली. हे सगळ्यांत वाईट, असं शैलाताईंचं म्हणणं, आणि त्याला कारण होतं. "चरखा जाऊन चक्र आलं ते कशासाठी? २२ जुलै १९४७ ला संविधान सभेत ठराव मांडताना नेहरूंनी स्वच्छ सांगितलं. चरख्याचं चाक एका बाजूला आणि चाती दुसऱ्या बाजूला. झेंडा मागून पाहिला की सगळं उलटं दिसतं. झेंडा दोन्हीकडून सारखा हवा. म्हणून चरख्यातलं चाक तेवढं ठेवलं आणि त्याचा घाट सारनाथच्या अशोकस्तंभावरून घेतला. ते चाक चरख्याचंच प्रतीक आहे, असं ठरावातच लिहिलंय. आणि तू मागची बाजू कोरी असलेला झेंडा आणलास."

मंदारने विषय बदलला आणि आणखी खोलात गेला. "ते असू दे. रंगांचं तर साधं आहे. भगवा हिंदूंचा, हिरवा..." तो अस्लमभाईंकडे बघून थांबला.

"बोल की! हिरवा माझा ना? मग वरच्या दोन पट्ट्यांची शिलाई तू दे."

हसू ओसरेपर्यंत शैलाताई थांबल्या, पण त्यांनी मुद्दा सोडला नाही. त्यांचं मला हेच आवडतं. "१९२१ ला बेझवाड्यात, म्हणजे आताच्या विजयवाड्यात, पिंगली वेंकय्यांनी गांधीजींना झेंड्याचा नमुना दाखवला तो लाल-हिरवा होता, तेव्हा तसा अर्थ लावलाही जायचा. गांधीजींनी बाकीच्या समाजांसाठी पांढरा पट्टा सुचवला. त्यावरून भांडणं झाली, म्हणून १९३१ ला सात जणांची समिती नेमली. आणि त्याच ऑगस्टमध्ये, इथे मुंबईत, काँग्रेसने केशरी, पांढरा, हिरवा असा झेंडा घेतला तेव्हा रंगांना धर्माचा अर्थ नाही हे सांगूनच घेतला. १९४७ च्या समितीत राजेंद्रप्रसाद, आझाद, सरोजिनी नायडू, आंबेडकर बसले होते. नंतर सभेत राधाकृष्णन यांनी अर्थ सांगितला तोसुद्धा केशरी म्हणजे त्याग, पांढरा म्हणजे सत्याची वाट, हिरवा म्हणजे मातीशी नातं, आणि चक्र म्हणजे धर्म आणि गती. तुझं भांडण तुझ्या आजोबांच्या काळात मिटलंय, मंदार."

"आणि होमरूलचा?" विलासने काडी टाकली. "पाच लाल पट्टे, चार हिरवे, सप्तर्षी, आणि कोपऱ्यात युनियन जॅक."

"टिळकांच्या चळवळीच्या झेंड्यात युनियन जॅक? हे फेक आहे," मंदार म्हणाला.

"खरं आहे," शैलाताई म्हणाल्या. "१९१७ ला मागणी साम्राज्यात राहून स्वराज्याची होती, झेंड्यात तेच दिसतं. त्याच्या दहा वर्षं आधी मादाम कामांनी स्टुटगार्टला फडकवलेला झेंडा पुण्यात केसरीवाड्यात आहे. एकदा जाऊन बघ."

"सोसायटीची सहल काढू या."

"आधी माथेरानच्या सहलीचे उरलेले पैसे दे," विलास म्हणाला. तिथून पाच मिनिटं माथेरान, मग बॅडमिंटनची जाळी, मग गणपतीची वर्गणी. ते सगळं इथे लिहीत नाही.

झेंड्यावर परत आणलं अस्लमभाईंनीच. झेंडा ९०० बाय ६०० चा, खादीचा, खात्रीच्या दुकानातून. पंधरा ऑगस्टला सकाळी लावायचा आणि सूर्यास्ताला उतरवायचा. खरी फजिती बांधण्यात होते, असं ते म्हणाले, आणि इथे त्यांनी बोटांवर मोजून सांगितलं. केशरी बाजूच्या टोकाला लाकडी गुल्ली असते, ती कप्पीवरून येणाऱ्या दोरीत अडकवायची. इस्त्री करून घाईत बांधताना वरच्या-खालच्या टोकांची अदलाबदल होते आणि झेंडा उलटा चढतो. सुती दोरी पावसात फुगून कप्पीत अडकते, म्हणून नायलॉनची घ्यायची. वर नेऊन उघडायचा असेल तर पुडीला एकच सुटगाठ, दुहेरी मारली की पाहुणे दोरी ओढत बसतात. फुलांच्या पाकळ्या मूठभर आणि कोरड्या, ओल्या पाकळ्या कापडाला चिकटतात.

"आणि पंधरा ऑगस्टला पुडी वर बांधून ठेवायचीच नाही," शैलाताई म्हणाल्या. "त्या दिवशी झेंडा खालून वर चढतो. वर बांधलेला उघडायचा तो सव्वीस जानेवारीला. चढवताना झपकन, उतरवताना सावकाश."

"उतरवणार कोण पण?" मंदारने विचारलं.

कोणी काही बोलेना. विलासने हळूच म्हटलं, "गच्चीची किल्ली कोणाकडे आहे?"

किल्ली कोजागिरीपासून मंदारच्याच घरी आहे. कोणी मागितली की सापडत नाही. त्याचा चेहरा बघून अस्लमभाईंना ठसका लागला.

शेवटी घडीची तालीम तिथेच झाली. झेंड्यावर नको म्हणून विलासचा पंचा घेतला. आडवा धरायचा, वरचा आणि खालचा पट्टा पांढऱ्याच्या मागे दुमडायचा, मग दोन्ही टोकं मध्ये अशी आणायची की चक्र आणि केशरी-हिरव्याची थोडी कड तेवढी वर दिसेल. मग दोन्ही तळव्यांवर घेऊन चालायचं. मंदार पंचा तळव्यांवर घेऊन तलावाच्या कठड्यापर्यंत गेला आणि परत आला. तिसऱ्या फेरीला घडी नीट जमली.

"चौदा तारखेला सहा वाजता गच्चीवर," शैलाताई म्हणाल्या. "किल्ली घेऊन ये."

"आणि माझा पंचा दे," विलास म्हणाला.