पुण्याचं चित्रपट संग्रहालय डुंगरपूर यांनी उभारलेलं नाही

‘सेल्युलॉइड मॅन’चे दिग्दर्शक शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन केलं आणि फाळक्यांचे मूकपट वाचवले, असा मजकूर सध्या फिरतो आहे. त्यात दोन माणसांची कामगिरी एकाच्या नावावर घातली आहे.

संग्रहालय केंद्र सरकारने १९६४ मध्ये सुरू केलं. फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’सह जुन्या चित्रपटांची रिळं जमवण्यात हयात घालवली ती पी. के. नायर यांनी. संग्रहालयाचे संचालक म्हणून ते १९९१ मध्ये निवृत्त झाले. डुंगरपूर एफटीआयआय या पुण्याच्या सरकारी चित्रपट प्रशिक्षण संस्थेत शिकलेले. त्यांनी याच नायरांवर २०१२ मध्ये ‘सेल्युलॉइड मॅन’ हा माहितीपट केला. माहितीपटाचा नायक आणि तो करणारा, एवढा साधा फरक हा मजकूर पुढे पाठवणाऱ्यांना दिसू नये, याचं नवल वाटतं.

डुंगरपूर यांची संस्था वेगळी आहे: २०१४ मध्ये मुंबईत स्थापन झालेली ‘फिल्म हेरिटेज फाउंडेशन’. ती सरकारी नाही. श्याम बेनेगल यांच्या ‘मंथन’ चित्रपटाची जी नवी प्रत २०२४ मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात दाखवली गेली, ती या संस्थेने केलेली. इरी मेंझेल या चेक दिग्दर्शकावर त्यांनी सात तासांहून मोठा माहितीपटही केला आहे. त्यांच्या नावावर उसनं श्रेय चढवायची गरजच नाही.