1976 सालचा चीन आणि शोक करण्याचा अधिकार

चीनच्या 1976 सालाची सनावळी अर्ध्या पानात मावते. 8 जानेवारीला पंतप्रधान चौ एन-लाय यांचे निधन, 6 जुलैला लाल सेनेच्या उभारणीतले ज्येष्ठ सेनानी झू दे यांचे निधन, 28 जुलैला तांगशानचा भूकंप, 9 सप्टेंबरला माओंचे निधन आणि 6 ऑक्टोबरला माओंच्या पत्नी च्यांग छिंग यांच्यासह चौघांना अटक. या मांडणीत एका नेत्याच्या मृत्यूला एक ओळ मिळते आणि भूकंपातल्या 2 लाख 42 हजार माणसांच्या मृत्यूलाही एकच ओळ मिळते, हे मला अनेक वर्षे खटकत आले आहे. त्या वर्षी चीनमध्ये कोणाचा शोक करायचा, किती दिवस करायचा आणि मृतांचा आकडा लोकांना सांगायचा की नाही, हे सर्व सत्ता ठरवत होती, आणि माझ्या मते त्या वर्षाचा खरा इतिहास हाच आहे.

चौ एन-लाय कर्करोगाने गेले तेव्हा 77 वर्षांचे होते. त्यांचे पार्थिव दहनासाठी नेले जात असताना कडाक्याच्या थंडीत बीजिंगमधील छांगआन रस्त्याच्या दुतर्फा लाखो लोक उभे राहिले. माओंनी पक्षातल्या विरोधकांविरुद्ध छेडलेल्या सांस्कृतिक क्रांतीच्या दहा वर्षांत ज्या थोड्या नेत्यांविषयी सामान्य माणसाला जिव्हाळा उरला होता, त्यांपैकी ते एक होते. मात्र काळ्या फिती लावू नयेत, स्मृतिसभा घेऊ नयेत, अशा सूचना कचेऱ्या आणि कारखान्यांपर्यंत पोहोचल्या. लोकांनी छिंगमिंगपर्यंत वाट पाहिली. आपल्याकडे पितृपक्षात पूर्वजांचे स्मरण करतात, तसा तिकडे एप्रिलच्या आरंभी येणारा हा पूर्वजांच्या समाध्या स्वच्छ करण्याचा दिवस. त्या निमित्ताने त्येनआनमेन चौकातील हुतात्मा स्मारकापाशी पुष्पचक्रांचे डोंगर उभे राहिले, त्यांवर कविता लावल्या गेल्या, आणि त्यांतल्या कित्येक कवितांचा रोख उघडपणे च्यांग छिंग यांच्या सत्ताधारी गटाकडे होता. 4 एप्रिलच्या रात्री ती पुष्पचक्रे उचलून नेण्यात आली. 5 तारखेला संतापलेली गर्दी चौकात जमली आणि संध्याकाळनंतर तिच्यावर लाठ्या चालल्या. शोकाला प्रतिक्रांती ठरवण्यात आले आणि त्याचा ठपका उपपंतप्रधान डेंग शियाओपिंग यांच्यावर ठेवून 7 एप्रिलला त्यांची सर्व पदे काढून घेण्यात आली. हा निवाडा फिरवला गेला तो 1978 च्या नोव्हेंबरमध्ये.

झू दे यांच्या निधनापाशी मराठी वाचकाने क्षणभर थांबावे असे मला वाटते. जपानी आक्रमणाच्या काळात त्यांनी पंडित नेहरूंकडे भारतीय डॉक्टर पाठवण्याची विनंती केली होती. तिला प्रतिसाद म्हणून काँग्रेसने 1938 मध्ये पाच डॉक्टरांचे पथक पाठवले. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस त्या पथकात होते आणि 9 डिसेंबर 1942 रोजी, वयाच्या अवघ्या 32 व्या वर्षी, चीनच्या भूमीवरच त्यांचा अंत झाला.

झू दे गेले त्यानंतर 22 दिवसांनी, पहाटे 3 वाजून 42 मिनिटांनी, तांगशान शहर जमीनदोस्त झाले. बीजिंगच्या पूर्वेला सुमारे दीडशे किलोमीटरवरचे, सुमारे दहा लाख वस्तीचे हे कोळसा खाणींचे शहर. घरे विटांची होती, भूकंपाचा विचार करून बांधलेली नव्हती, आणि त्या घटकेला माणसे झोपेत होती. दूरध्वनीच्या तारा तुटल्यामुळे केंद्रबिंदू नेमका कुठे आहे हेदेखील राजधानीला कळेना. अखेर खाणीवरील काही माणसे रुग्णवाहिकेने बीजिंगला गेली आणि थेट नेत्यांच्या निवासापर्यंत जाऊन त्यांनी ही बातमी सांगितली. त्याच दिवशी संध्याकाळी दुसरा मोठा धक्का बसला आणि सकाळपर्यंत तग धरून राहिलेल्या भिंतीही कोसळल्या. लाखाहून अधिक सैनिक आले, पण यंत्रे अपुरी असल्याने सुरुवातीला त्यांनी अक्षरशः हातांनी ढिगारे उपसले. त्या सैनिकांविषयी माझ्या मनात नितांत आदर आहे.

पण वरची मंडळी काय करत होती? संयुक्त राष्ट्रांनी आणि परदेशांनी देऊ केलेली मदत त्यांनी स्वावलंबनाच्या नावाखाली नाकारली. ढिगाऱ्यांखाली माणसे जिवंत असताना वृत्तपत्रे भूकंपनिवारणाच्या जोडीने डेंग यांच्यावरील टीका अधिक तीव्र करण्याचे आवाहन करत होती. ज्यांनी हे केले त्यांना क्षमा करणे मला आजही जमत नाही. मृतांचा आकडा गुप्त ठेवण्यात आला. 2 लाख 42 हजार मृत आणि 1 लाख 64 हजार गंभीर जखमी, ही संख्या 1979 च्या नोव्हेंबरमध्ये, म्हणजे तीन वर्षांहून अधिक काळाने, जाहीर झाली.

माओ गेले तेव्हा मात्र दुखवट्याला कोणतीही सीमा नव्हती. 18 सप्टेंबरला दुपारी 3 वाजता संपूर्ण देश तीन मिनिटे निश्चल उभा राहिला. आपले दहन व्हावे, अशा निवेदनावर माओंनी 1956 मध्ये स्वतः सही केली होती. तरीही त्यांचा देह जतन करून त्याच त्येनआनमेन चौकात स्मारकभवनात ठेवण्यात आला. चौ एन-लाय यांच्या अस्थी त्यांच्या इच्छेप्रमाणे विखुरल्या गेल्या होत्या, हे इथे आठवल्यावाचून राहत नाही. पुढे महिन्याभरात च्यांग छिंग आणि त्यांचे तीन साथीदार ही चौकडी गजाआड झाली, चौ यांच्यानंतर पंतप्रधान झालेले हुआ गुओफेंग सर्वोच्च पदी आले, आणि सत्तेचे राजकारण आपल्या वाटेने गेले.

तांगशानमध्ये बहुतेकांना स्वतंत्र समाधी मिळाली नाही. सामूहिक दफनच झाले. म्हणून छिंगमिंगला झाडायला ज्यांच्याकडे समाधी नाही, अशी तिथली कुटुंबे 28 जुलैला रस्त्यांच्या चौकांत बसून आपल्या माणसांसाठी कागद जाळतात. आता तिथे एका लांबच लांब भिंतीवर मृतांची नावे कोरलेली आहेत, आणि लोक तिच्यापाशी येऊन आपल्या घरातले नाव शोधतात.