ओमाहाकरांना उत्तर: गिलमनच्या शेतकऱ्याने दाद मागायची कुणाकडे?

ओमाहाकर, नमस्कार. मागच्या लेखाखाली तुम्ही टाकलेली भलीमोठी प्रतिक्रिया दोनदा वाचली. राग वगैरे काही नाही, उलट मालवाहतुकीच्या धंद्यातला माणूस आपलं लिखाण ओळ न् ओळ वाचतो याचं बरंच वाटलं. पण खाली दोन ओळींत उत्तर देऊन भागणार नाही म्हणून वेगळं लिहितोय.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. मी लिहिलं होतं की अमेरिकेत 1887 साली इंटरस्टेट कॉमर्स कमिशन (राज्याराज्यांमधल्या रेल्वे वाहतुकीवर देखरेख ठेवणारं केंद्र सरकारचं मंडळ) आलं ते गरजेपोटी आलं. ओमाहाकरांचं म्हणणं असं की हे सगळं भाबडं आहे. दर तेव्हा आपोआप उतरतच होते, शेतकऱ्यांची ओरड राजकीय होती, राज्यं आपापलं बघायला समर्थ होती, कमिशन खरं तर रेल्वे कंपन्यांनीच स्वतःच्या सोयीसाठी आणवलं, आणि त्याच कमिशनने पुढे नव्वदेक वर्षं रेल्वेचा गळा आवळला तो शेवटी 1980 मध्ये राष्ट्राध्यक्ष कार्टरने स्टॅगर्स कायद्यावर सही करून सोडवला. शिवाय टाइम झोनसुद्धा रेल्वे कंपन्यांनीच सुरू केले, सरकार लागलं नाही, हा दाखला आणि "समाजवादी चष्मा काढून लिहा" असा प्रेमाचा सल्ला.

आता एकेक घेऊ, क्रम मात्र माझा.

दर उतरत होते हे शंभर टक्के मान्य. यादवी युद्धानंतर रूळ इतके पसरले, इंजिनं इतकी सुधारली की टनामागे मैलाचा सरासरी दर खाली येत गेला, यात वाद नाहीच. पण सरासरी दर कुठलाच शेतकरी भरत नाही हो. तो त्याच्या गावच्या स्टेशनचा दर भरतो. आणि सगळी ओरड होती ती या गावाला एक भाव आणि त्या गावाला दुसरा याबद्दल. इलिनॉयमधलं गिलमन घ्या. वाबाश कंपनीच्या गाडीने गिलमनहून न्यूयॉर्कला माल पाठवायचा तर 100 पौंडाला 25 सेंट, आणि तसाच माल पिओरियाहून पाठवायचा तर 15 सेंट. पिओरिया गिलमनपेक्षा न्यूयॉर्कपासून 86 मैल जास्त लांब! म्हणजे 26,000 पौंडाच्या वॅगनमागे गिलमनवाला 65 डॉलर मोजणार आणि त्याच्याहून लांबचा 39. लांबच्याला स्वस्त, जवळच्याला महाग, आणि कारण साधं आहे, ते तुम्हाला मी सांगायला नको. ज्या गावात दुसऱ्या कंपनीचा रूळ येतो तिथे भाव पाडायचे आणि ज्या गावात आपलाच एकट्याचा रूळ आहे तिथून ते वसूल करायचे. धंद्याच्या हिशोबाने बरोबरच असेल, रूळ टाकण्याचा खर्च मोठा, तो कुठून तरी निघायला हवा. पण गिलमनच्या माणसाने काय करायचं, गाव उचलून पिओरियाला न्यायचं?

आणि गावागावांतच नाही, माणसामाणसांतही तेच. 1872 ची साउथ इम्प्रूव्हमेंट कंपनी तुम्हाला माहीत असेलच, तिचं नाव तुमच्या प्रतिक्रियेत नाही याचं जरा नवल वाटलं. रॉकफेलर आणि मंडळींनी पेनसिल्व्हेनिया, ईरी, न्यूयॉर्क सेंट्रल या तिन्ही रेल्वेंशी गुपचूप करार केला, त्यात स्वतःच्या तेलावर भाड्यात सूट हे तर होतंच पण प्रतिस्पर्ध्याने तेल पाठवलं की त्याने भरलेल्या भाड्यातलाही वाटा यांच्या खिशात. हा प्रकार फुटला, तेलवाल्यांनी रान उठवलं आणि करार अंमलात यायच्या आधीच मोडला. पण तो टांगता असताना क्लीव्हलँडमधल्या बहुतेक रिफायनऱ्या रॉकफेलरने विकत घेऊन टाकल्या होत्या. सरासरी दर त्याही वर्षांत उतरतच होते, बरं का.

आता राज्यं. "इलिनॉयचं इलिनॉयने बघावं, वॉशिंग्टन कशाला" हा तुमचा मुद्दा ऐकायला छान आहे, अडचण एवढीच की हा प्रयोग करून झालेला होता आणि तो बंद पाडला तो कोर्टाने, समाजवाद्यांनी नाही. ग्रेंज नावाची शेतकऱ्यांची संघटना 1867 ची, तिच्या जोरावर मिडवेस्टच्या राज्यांनी सत्तरच्या दशकात रेल्वेच्या आणि धान्याच्या एलेव्हेटरच्या (म्हणजे साठवणीच्या मोठ्या कोठारांच्या) दरांवर कायदे केले. शिकागोच्या एलेव्हेटरवाल्यांनी आव्हान दिलं, 1877 मध्ये मन विरुद्ध इलिनॉय खटल्यात सुप्रीम कोर्ट म्हणालं की ज्या खाजगी धंद्यात लोकांचं हित गुंतलंय त्यावर राज्याला नियम लावता येतील. तेव्हाच्याच दुसऱ्या निकालात असंही म्हणून ठेवलं की काँग्रेस (म्हणजे अमेरिकेची संसद) गप्प आहे तोवर राज्याबाहेर जाणाऱ्या मालाचं भाडंही राज्याने ठरवलं तरी चालेल. नऊ वर्षं तसं चाललं. मग 1886 मध्ये हेच वर सांगितलेलं गिलमनचं प्रकरण कोर्टात आलं आणि कोर्टाने टोपी फिरवली, माल न्यूयॉर्कला चाललाय ना, मग हा आंतरराज्य व्यापार, राज्यघटनेप्रमाणे तो काँग्रेसचा विषय, इलिनॉयने हात लावायचा नाही.

तात्त्विकदृष्ट्या त्यात चूक काही नव्हतं. 1824 च्या गिबन्स विरुद्ध ऑग्डेन खटल्यात सरन्यायाधीश जॉन मार्शलने न्यूयॉर्क राज्याने दिलेली आगबोटींची मक्तेदारी राज्यघटनेच्या याच आंतरराज्य व्यापाराच्या कलमावर मोडली होती (गिबन्सच्या बोटीचा तेव्हाचा कप्तान कोण, तर कॉर्नेलियस व्हँडरबिल्ट, पुढे रेल्वेसम्राट झाला तोच). पण 1886 च्या निकालाने झालं काय की राज्याला अधिकार नाही आणि केंद्राचा कायदाच नाही. मधल्या मालाला कुणी वालीच नाही. म्हणजे निवड राज्य की केंद्र अशी उरलीच नव्हती, केंद्र किंवा कुणीच नाही अशी होती. चार महिन्यांच्या आत, 4 फेब्रुवारी 1887 ला, कमिशनच्या कायद्यावर राष्ट्राध्यक्ष क्लीव्हलँडची सही झाली. आणि ग्रोव्हर क्लीव्हलँडला समाजवादी म्हणणारा मला अजून भेटायचाय.

राज्यांच्या हातात ठेवलं असतं तर काय झालं असतं याचा नमुनाही आहे, टेक्सासचा. तिथल्या रेल्वे कमिशनने राज्यांतर्गत दर मुद्दाम असे ठेवले की टेक्सासचा व्यापार टेक्सासच्याच शहरांकडे वळावा. मार्शल नावाचं गाव आहे पूर्व टेक्सासमध्ये. डॅलसहून मार्शलला 147.7 मैल, तिथून गाडे आणायचं भाडं 36.8 सेंट. लुइझियानातल्या श्रीव्हपोर्टहून मार्शल फक्त 42 मैल, पण मध्ये राज्याची हद्द आहे, तर भाडं 56 सेंट. जकात नाका न बांधता जकात! 1914 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की आंतरराज्य व्यापाराला मार बसत असेल तर राज्यांतर्गत दरातही केंद्रीय कमिशनला हात घालता येईल. तुम्ही मुक्त बाजाराचे कैवारी ना, मग या निकालावर तुम्ही पेढे वाटायला हवेत.

आता "कंपन्यांनीच आणवलं" आणि "कंपन्यांचा गळा आवळला" ही दोन विधानं एकाच प्रतिक्रियेत, मधे फक्त एक परिच्छेद. स्वतःचा गळा आवळायला दोर त्यांनीच विकत आणला म्हणता? बरं, तुम्ही रिचर्ड ओल्नीच्या पत्राचा दाखला दिलाय, तो पक्का आहे. बर्लिंग्टन रेल्वेच्या अध्यक्षाला हा वकील 1892 मध्ये लिहितो की कमिशन बंद पाडायच्या भानगडीत पडू नका, लोकांना वाटतं सरकारची देखरेख आहे आणि ती देखरेख जवळजवळ नावापुरतीच आहे, तेव्हा तिचा उपयोग करून घ्या. पण तारीख बघा ना. 1892. कायदा होऊन पाच वर्षं झाल्यावरचं हे पत्र आहे. आलेलं संकट सोयीचं कसं करून घ्यावं याचा तो सल्ला आहे, ते आणवल्याचा पुरावा नव्हे. कंपन्यांना 1887 मध्ये खरंच काय हवं होतं, तर आपसातले पूल, म्हणजे धंदा वाटून घेऊन दर पडू न देण्याचे करार, त्यांना कायद्याचं बळ हवं होतं. कायद्याने नेमकी त्याच पूलवर बंदी घातली. 1903 चा एल्किन्स कायदा मात्र कंपन्यांच्या मर्जीचा होता, तो रिबेटविरुद्ध, म्हणजे भाड्यातल्या सुटीविरुद्ध, होता आणि मोठ्या गिऱ्हाइकांना रिबेट देऊन देऊन कंपन्याच मेटाकुटीला आल्या होत्या. तेवढा मुद्दा तुमचा.

आणि सुरुवातीच्या कमिशनला दात होते कुठे गळा धरायला? 1897 मध्ये कोर्टाने सांगितलं की तुम्हाला दर अवाजवी ठरवता येईल पण पुढचा दर किती ठेवायचा हे सांगता येणार नाही. त्याच वर्षी अलाबामातल्या ट्रॉय गावच्या प्रकरणात 1887 च्या कायद्यातलं लांब-जवळचं कलमही (जवळच्याकडून लांबच्यापेक्षा जास्त भाडं घ्यायचं नाही, हे) पोकळ करून टाकलं, पुढच्या शहरात स्पर्धा आहे मग परिस्थिती सारखी नाही, मग भेदभाव नाही, असा न्याय. म्हणजे गिलमनवाला परत तिथेच. 1905 पर्यंत सुप्रीम कोर्टात गेलेल्या 16 प्रकरणांपैकी 15 कमिशन हरलं. खरे दात आले ते 1906 च्या हेपबर्न कायद्याने, थिओडोर रूझवेल्टने रेटून नेलेल्या, त्यात कमाल दर ठरवायचा अधिकार मिळाला. 1910 च्या मान-एल्किन्स कायद्याने लांब-जवळचं कलम परत जिवंत केलं. तिथून पुढे तुमचं बरोबर व्हायला लागतं.

आणि जिथे तुमचं बरोबर आहे तिथे मी तुमच्याहून जास्त बोलणार आहे. 1920 च्या कायद्याने कमाल दराबरोबर किमान दरही कमिशनकडे गेला, आणि माझ्या मते खरी गोम ती. कमाल दर गिऱ्हाइकाला वाचवतो. किमान दर कुणाला वाचवतो? महागडं काम करणाऱ्या धंदेवाल्याला, दुसऱ्या धंदेवाल्यापासून. 1935 मध्ये ट्रकही त्याच दावणीला बांधले, नव्या माणसाला मार्गाचा परवाना हवा तर जुने ट्रकवाले आणि रेल्वेवाले येऊन हरकत घेणार. सदर्न रेल्वेने 1961 मध्ये शंभर टनी ॲल्युमिनियमच्या धान्य वॅगन आणल्या, "बिग जॉन" म्हणायचे त्यांना, आणि सांगितलं आम्ही दर 60 टक्क्यांनी उतरवतो. उतरवतो, वाढवतो नव्हे! तरी कमिशनने रोखलं, प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं, निकाल लागेपर्यंत 1965 उजाडलं. रॉक आयलंड रेल्वेचं तर विचारूच नका. युनियन पॅसिफिकमध्ये विलीन व्हायचा अर्ज साठच्या दशकाच्या सुरुवातीचा, दहाएक वर्षं सुनावण्या, 1974 च्या अखेरीस अटींसकट मंजुरी, तोवर रूळ इतके खिळखिळे झालेले की युनियन पॅसिफिकनेच हात झटकले आणि 1975 मध्ये रॉक आयलंडचं दिवाळं. वरातीमागून घोडं म्हणतात ते हे.

आणि कोंबडी! शेतमाल नेणाऱ्या ट्रकला परवान्यातून सूट होती, तर कमिशनने म्हटलं मारून, साफ करून, गोठवलेली कोंबडी हा शेतमाल नाही, ती कारखान्यात तयार झालेली वस्तू झाली, परवाना आणा. हे 1956 मध्ये सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं आणि न्यायमूर्तींना निकालात लिहावं लागलं की कोंबडी मारली, साफ केली तरी ती कोंबडीच राहते. ज्या संस्थेला असल्या प्रश्नांवर फायली रंगवायला वेळ आहे तिचं काहीतरी बिनसलंय हे सांगायला कुठलाच चष्मा लागत नाही.

पण म्हणून 1887 चूक ठरतं का? गिलमनला 1887 मध्ये दुसरा पर्याय नव्हता. 1956 नंतर फेडरल हायवे झाले, ट्रक दारात आला, पर्याय आला. एकाधिकाराला घातलेली वेसण स्पर्धा आल्यावरही काढली नाही आणि उलट तीच स्पर्धेच्या नाकात घातली, हा दोष आहे, आणि तो मोठा आहे, जून 1970 मध्ये पेन सेंट्रल ही रेल्वे कंपनी बुडाली तेव्हा अमेरिकेतलं तोवरचं सगळ्यात मोठं दिवाळं होतं ते. (सगळा दोष कमिशनचा नाही, दोन भांडकुदळ कंपन्यांचं घाईचं लग्न होतं ते.) 14 ऑक्टोबर 1980 चा स्टॅगर्स कायदा म्हणूनच मला पटतो. महागाई वजा करता दर पुढच्या वीसेक वर्षांत जवळपास निम्म्यावर आले. त्याच वर्षी ट्रकही मोकळे झाले, आणि त्यासाठी झटणारे कोण होते बघा, डेमोक्रॅट सिनेटर टेड केनेडी आणि ग्राहकहक्कांसाठी लढणारे राल्फ नेडर. विरोधात कोण, तर मोठ्या ट्रक कंपन्या आणि टीमस्टर्स ही ट्रकचालकांची युनियन, दोघं हातात हात घालून. चष्म्याचं एवढंच.

शिवाय स्टॅगर्सने "सगळं मोकळं सोडलं" हे तुमचं वाक्य तुमच्याच धंद्यातल्या माणसाने लिहावं म्हणजे कमाल. ज्या गिऱ्हाइकाकडे एकच रूळ येतो, कोळशावरचं वीजकेंद्र म्हणा, धान्याचा एलेव्हेटर म्हणा, त्याला दाद मागायची सोय त्या कायद्याने ठेवलीच. दर हा बदलत्या खर्चाच्या (मालाच्या प्रमाणात वाढणाऱ्या-घटणाऱ्या खर्चाच्या) 180 टक्क्यांच्या वर गेला आणि दुसरा खरा पर्याय नसला की तो दर वाजवी आहे का हे तपासता येतं. 1995 च्या शेवटी कमिशन गुंडाळलं तेव्हा ते काम सरफेस ट्रान्सपोर्टेशन बोर्डाकडे गेलं, विलीनीकरणाला मंजुरी देण्याचंही. दाद मागणं महाग आणि किचकट आहे अशी छोट्या गिऱ्हाइकांची तक्रार आहे ती वेगळी. आणि जुलै 2025 मध्ये तुमच्याच ओमाहाच्या युनियन पॅसिफिकने नॉरफोक सदर्न घ्यायचं जाहीर केलं, 85 अब्ज डॉलरचा सौदा, एका किनाऱ्यापासून दुसऱ्यापर्यंत एकच कंपनी. त्याचा अर्ज जातो कुठे? त्याच बोर्डाकडे. आजचे गिलमनवाले त्यावर काय म्हणतात हे तुम्हाला माझ्यापेक्षा जवळून ऐकायला मिळत असेल, मिळालं तर इथे लिहा, मनापासून वाचेन.

राहता राहिले टाइम झोन. ते कंपन्यांनीच 18 नोव्हेंबर 1883 ला सुरू केले, सरकार लागलं नाही, बरोबर आहे, पूर्ण मार्क. पण कायद्याने त्यांना मान्यता मिळाली 1918 मध्ये आणि हद्दी आखायचं काम दिलं ते याच इंटरस्टेट कॉमर्स कमिशनला, तिथून साठच्या दशकात ते डिपार्टमेंट ऑफ ट्रान्सपोर्टेशनकडे गेलं. एखाद्या काउंटीला आज झोन बदलून हवा असेल तर अर्ज तिकडेच करावा लागतो.