"एआय म्हणजे मेंदूची झेरॉक्स" वाल्या फॉरवर्डबद्दल

सध्या एक फॉरवर्ड सगळ्या ग्रुप्सवर फिरतोय, तुमच्याकडेही आला असेलच. म्हणणं असं, की शास्त्रज्ञांनी माणसाच्या मेंदूची झेरॉक्स काढून कंप्युटरमध्ये टाकली, त्यात मेंदूसारखेच न्यूरॉन (एकमेकींना सिग्नल देणाऱ्या पेशी) आहेत, उलट मेंदूपेक्षा जास्तच, ते लहान मुलासारखं शिकतं आणि पाच वर्षांत अख्खा मेंदू कंप्युटरवर चालणार. काका-मामा लोक मनापासून पाठवतात म्हणून एकेक मुद्दा घेतो.

"मेंदूसारखेच न्यूरॉन". 1943 साली मॅककलॉक आणि पिट्स या दोघांनी न्यूरॉनचं गणिती मॉडेल मांडलं, आलेल्या सिग्नलची बेरीज करा, ठरावीक मर्यादा गाठली तर 1 नाहीतर 0, विषय संपला. 1958 च्या सुमारास रोझेनब्लाट या अमेरिकन संशोधकाचं पर्सेप्ट्रॉन नावाचं शिकणारं मशीन आलं, त्यात कुठल्या इनपुटला किती वजन द्यायचं ते मशीन स्वतः बदलायचं, आणि अमेरिकन पेपरवाल्यांनी तेव्हाच हे मशीन पुढे चालेल, बोलेल, त्याला जाणीवही येईल असं छापून टाकलं, म्हणजे हा फॉरवर्ड तसा साठहून जास्त वर्षं जुनाच आहे. आजच्या चॅटबॉटमधला "न्यूरॉन" पण मुळात गुणाकार, बेरीज आणि वर एक छोटं फंक्शन एवढंच करतो. खरा न्यूरॉन म्हणजे जिवंत पेशी, तिच्या फांद्याफांद्यांवर वेगळी गडबड चालू असते. 2021 साली जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठातल्या लोकांनी मेंदूतल्या एकाच पेशीच्या वागण्याची नक्कल करून बघितली तर त्याला पाच ते आठ थरांचं (कंप्युटरी न्यूरॉनच्या एकामागून एक रांगांचं) नेटवर्क लागलं. एका पेशीला!

"संख्येने जास्त". इथे सरळ घोळ घातलाय. मेंदूत साधारण 8,600 कोटी न्यूरॉन, जीपीटी-3 या चॅटबॉटमागच्या मॉडेलमध्ये 17,500 कोटी पॅरामीटर (म्हणजे मुख्यतः ती वर सांगितलेली वजनं), झालं, एआय जिंकलं. अहो पण पॅरामीटर म्हणजे न्यूरॉन नव्हेत, तुलना करायचीच तर न्यूरॉन-न्यूरॉनमधल्या जोडण्यांशी करा, आणि त्या मेंदूत 100 लाख कोटींच्या घरात धरतात. शिवाय मेंदूचं हे सगळं साधारण 20 वॅटवर चालतं. मिक्सरसुद्धा यापेक्षा कितीतरी जास्त खातो.

"लहान मुलासारखं शिकतं". जीपीटी-3 ला शिकवताना सुमारे 30 हजार कोटी शब्दतुकडे पाजले. मूल तेरा वर्षांचं होईपर्यंत फार फार तर 10 कोटीच्या आसपास शब्द ऐकत असेल, आणि ते नुसतं ऐकत नाही, "गरम आहे, हात लावू नको" म्हटल्यावर आधी हात लावतं, भोकाड पसरतं आणि मग गरम म्हणजे काय ते कळतं. यंत्र शिकतं बॅकप्रोपगेशनने, म्हणजे उत्तर किती चुकलं ते मोजून ती चूक थराथरातून मागे ढकलत प्रत्येक वजन किंचित बदलायचं. ही पद्धत 1986 च्या पेपरमुळे गाजली आणि तीनच वर्षांत डीएनएवाल्या फ्रान्सिस क्रिकने लिहिलं की खऱ्या मेंदूत असं चालत असेल हे पटत नाही. आणि एकदा ट्रेनिंग झालं की वजनं गोठतात, तुम्ही चॅटमध्ये काय सांगितलं त्याने आतलं काही बदलत नाही, लक्षात ठेवल्यासारखं वाटतं ते बाजूला लिहून ठेवलेली नोंद परत वाचली म्हणून.

मग मेंदूचा काहीच संबंध नाही का? आहे की, आणि नेमका तोच भाग फॉरवर्डमध्ये नाही. 1958 मध्ये अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात ह्यूबेल आणि वीझेल हे दोन शास्त्रज्ञ भूल दिलेल्या मांजराच्या मेंदूतल्या बघण्याच्या भागात बारीक इलेक्ट्रोड घालून बसले होते, पडद्यावर काचेच्या स्लाइडने ठिपके दाखवत. पेशी ढिम्म. मग एकदा स्लाइड सरकवताना काचेच्या कडेची पुसट सावली पडद्यावरून गेली आणि पेशीचा सिग्नल ऐकवणाऱ्या स्पीकरवर तडतड सुरू झाली! तिला ठिपक्याशी देणंघेणं नव्हतंच, ठरावीक कोनातली सरकती रेषा हवी होती. पुढे कळलं की काही पेशी साधी रेषा पकडतात, काही त्यावरून जरा गुंतागुंतीचं, अशी पायरी-पायरी आहे. 1981 चं नोबेल मिळालं त्यांना. या कल्पनेवरून जपानच्या फुकुशिमांनी 1980 मध्ये निओकॉग्निट्रॉन नावाचं चित्रं ओळखणारं नेटवर्क बनवलं, मग यान लेकून या संशोधकाने हाताने लिहिलेले आकडे ओळखून दाखवले, आणि आज फोटोतला चेहरा ओळखणारी बरीच सॉफ्टवेअर्स त्याच घराण्यातली. ही खरी उसनवारी. पण चॅटबॉट ज्यावर चालतात तो ट्रान्सफॉर्मर नावाचा नेटवर्कचा साचा, गूगलवाल्यांचा 2017 चा, त्यात मेंदूपेक्षा सगळं एकाच वेळी भराभर कसं मोजता येईल याचाच विचार जास्त होता.

राहता राहिला "पाच वर्षांत अख्खा मेंदू". सी. एलेगन्स नावाचा एक मिलिमीटरचा किडा आहे, 302 न्यूरॉन, कोण कोणाला जोडलंय याचा नकाशा 1986 मध्येच छापून आला. नकाशा हातात असूनही तो किडा कधी वळेल, कधी थांबेल हे सगळं कंप्युटरवर हुबेहूब चालवून दाखवणं अजून कोणाला जमलेलं नाही.