शुक्रवारचं जेवण आणि आमच्या बाबांची अट

आज दुपारी पोरीच्या मैत्रिणी घरी आलेल्या, अभ्यासाच्या नावाखाली. अभ्यास कसला, हॉलमध्ये 'गिलमोर गर्ल्स'चा पहिला एपिसोड लावून बसल्या. २००० सालची अमेरिकन सिरियल, ह्या तेव्हा जन्मल्यासुद्धा नव्हत्या. मी आत चहा टाकत होते आणि बाहेरून एकीचा आवाज, "आजी कसली टॉक्सिक आहे यार, सरळ ब्लॅकमेल करते." पोरी आहेत, सोडून दिलं. पण संध्याकाळी शाळेच्या ग्रुपवर सहज सांगितलं तर आमच्या वयाच्या बायकांनी पण धडाधड अंगठे दिले. टॉक्सिकच गं, पैसे देऊन नाती विकत घेतात असली माणसं. तेव्हा मात्र डोकं फिरलं.

ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. लोरेलाय १६ व्या वर्षी प्रेग्नंट राहिली, पुढे बाळाला घेऊन श्रीमंत आईबापाचं घर सोडलं, एका इनमध्ये, म्हणजे छोट्या हॉटेलात, साफसफाईचं काम धरलं आणि वर चढत आज तेच इन चालवते. आता ती ३२ ची, पोरगी रोरी १६ ची. रोरीला चिल्टन नावाच्या भारी प्रायव्हेट शाळेत ॲडमिशन मिळते, भरायला पैसे नाहीत, म्हणून ही आईवडलांच्या दारात जाते. हिला बघून तिची आई एमिली काय विचारते? ईस्टर आला की काय! म्हणजे बघा, लेक सणावारालाच तोंड दाखवणार हे म्हातारीने धरूनच ठेवलेलं. पैसे मिळतात, पण अट. दर शुक्रवारी रात्री दोघींनी जेवायला यायचं आणि आठवड्यातून एक फोन.

ह्याला ब्लॅकमेल म्हणायचं?

आमच्या दादाचं सांगते. लग्नावरून बाबांचं आणि त्याचं वाजलं आणि तो वास्कोला गेला तो गेलाच. गोव्यातल्या गोव्यात डिचोली ते वास्को अंतर ते किती, पण वर्षानुवर्षं चवथीला, म्हणजे गणपतीला, घरात त्याची जागा रिकामी. मग भाच्याच्या इंजिनियरिंगची ॲडमिशन आली आणि दादाने बाबांना फोन केला. बाबांनी कशाला, किती, परत कधी देणार, काही विचारलं नाही. एवढंच बोलले, "चवथीक सगळ्यांनी घरा येवंक जाय." आणि फोन ठेवला.

दादा आला. तोंड एवढं करून आला, पण आला. माटोळी, म्हणजे गणपतीच्या वर फळं टांगतात ती चौकट, बांधायला कोणीतरी वर चढायला हवं होतं, बाबांच्या गुडघ्यांनी होत नाही, तर दादा स्टुलावर आणि बाबा खाली स्टूल धरून. वर नारळ द्यायचे, तोरिंजन द्यायचं, आंबाड्यांचा घोस द्यायचा, केवणीचे दोर एकेक करून द्यायचे. दोघांत शब्द नाही. दादाने एक गाठ सैल मारली तर बाबांनी नुसतं बोट दाखवलं, त्याने सोडून परत बांधली. आई आतून बघत होती आणि खतखतं ढवळायचं विसरली, खाली लागलं.

मला सांगा, ती अट नसती तर तो आला असता? नसता आला. मी त्याची बहीण आहे, मला माहितीय. बाबांनी "मला तुझी आठवण येते" असं फोनवर म्हणायला हवं होतं म्हणे, असं कालच एक शहाणी मला म्हणाली. अगो, ज्या माणसाने जन्मात आईला तिच्या नावाने हाक मारली नाही, तो आठवण येते म्हणणार? त्याच्याकडे पैसे होते, तेवढ्यानेच त्याने हाक मारली. एमिलीचं तरी वेगळं काय? ती तोंडावर सांगते, तुझ्या आयुष्यात माझा पैसा असेल तर मी पण असणार. निदान उघड बोलते.

हां, एमिली बोलताना टोचते, मान्य. त्या पहिल्याच जेवणात बाप रोरीच्या वडलांचं कौतुक सुरू करतो, लोरेलाय उठून किचनमध्ये जाते आणि मायलेकींचं जे जुंपतं ते रोरी बाहेरून सगळं ऐकते, पैशाचं पण. आमच्याकडे पण जेवताना बाबांनी वहिनीकडे बघून जे ऐकवलं ते मी इथे लिहिणार नाही. वहिनीने पान सोडलं नाही, नेवरी संपवून उठली. तिचं ते मोठेपण, बाबांचं अजिबात नाही. तो विषय निघाला की आजही माझं बाबांशी वाजतं.

पण म्हणून टॉक्सिक म्हणून फुली मारायची? आणि कोणी मारायची, तर ज्यांच्या पर्वरीच्या फ्लॅटला सासऱ्यांचे पैसे लागलेत त्यांनी! तिथे ती मदत असते, नाही का. फक्त त्या म्हाताऱ्यांनी बदल्यात रविवारी जेवायला या म्हटलं की लगेच तुमच्या बाउंडरीज आडव्या येतात.

लिहिता लिहिता राग जरा उतरला. सहावा एपिसोड आठवला, रोरीच्या वाढदिवसाचा. एमिली लोरेलायच्या घरी येते आणि तिथे फोटो बघते, लेकीच्या पायाला प्लास्टर. पाय मोडला होता आणि आईला पत्ता नाही. मोठा तमाशा नाही, काही नाही, नुसता फोटो. मला तिथे पुढचं काही बघवेना, पॉज करून ठेवलं. दादाचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालेलं आईला त्याच चवथीला कळलं, तेही भाच्याने नळावर हात धुताना सहज सांगितलं म्हणून. आई "हय?" एवढंच बोलली आणि त्याला टॉवेल दिला.

बाकी ग्रुपवरच्या बायांनो, उद्या परत टॉक्सिक टॉक्सिक केलंत तर मी ग्रुप सोडणार. आणि दादा, तू फेसबुकवर नाहीस पण वहिनी वाचून दाखवेल. भाच्याची फी भरून झाली, आता तुला कसली अट नाही. तरी यंदा दोन दिवस आधीच ये, माटोळीचं सामान रानातून आणायला बाबांच्याने आता होत नाही आणि बाजारात त्याचे काय भाव असतात ते तुला माहितीय.